कुलपाच्या आतले साहेब

इथले भुताटकीचे अनुभव मी बरेच दिवस वाचते आहे. खरं सांगायचं तर वाचताना माझ्या डोक्यात एकच प्रश्न येतो - या माणसाने दार नीट लावलं होतं का? आमच्या घरात भिंतीवर बावीस प्रतिज्ञा आहेत आणि त्या शोभेसाठी लावलेल्या नाहीत. भानामती, नजर, काळा दोरा, लिंबू-मिरची... यातलं काहीही आमच्याकडे चालत नाही. शिवाय मी एका खासगी हॉस्पिटलचं स्टोअर सांभाळते. सलाईन, इंजेक्शनं, हातमोजे. माझ्या कामात वस्तू आपोआप जागा बदलत नाही. कोणीतरी ती हलवलेली असते. ते कोण, हे शोधायचं असतं. आणि बहुतेक वेळा मी शोधून काढते.

हे आधीच सांगून ठेवते. कारण पुढे जे लिहिणार आहे त्यात ‘ते कोण’ हे मला अजून सापडलेलं नाही.

आधी जागा समजून घ्या. आम्ही गंगापूर रोडच्या पार शेवटच्या टोकाला राहतो, जिथे द्राक्षबागा मोडून प्लॉट पडले तिथे. सासऱ्यांनी फार पूर्वी जागा घेऊन ठेवली होती. तिच्यावर दोन भावांची दोन घरं आहेत - एक आमचं, एक माझ्या दिराचं, मिलिंदचं. मधे अंगण. आणि अंगणाच्या मधोमध दोन्ही घरांची मिळून एक विहीर. नळाची लाईन आमच्या गल्लीपर्यंत अजून आलेली नाही, म्हणून प्यायला, वापरायला, सगळ्याला हेच पाणी. मोटर लावून टाक्या भरतो.

विहीर जुन्या पद्धतीची दगडी नाही. गोल, सिमेंटच्या कड्यांची, आतून गुळगुळीत. पावसाळा संपतानासुद्धा पाणी बरंच खाली असतं, म्हणजे कठड्यावर ओणवं होऊन हात घातला तर पाण्याला लागणार नाही. भोवती सिमेंटचा ओटा, ओट्याला उतार, सांडलेलं पाणी लांब नेणारी नाली. हे सगळं मी करून घेतलेलं आहे. आठवड्याला ब्लीचिंग पावडर कालवायची, चुन्याचा गाळ खाली बसू द्यायचा, वरची निवळी विहिरीत सोडायची आणि बादली वरखाली करून ढवळायची, हेही मीच करते. मग तासाभराने पाण्यात औषधाचे थेंब टाकून बघायचं. पिवळा रंग आला की पाण्यात क्लोरीन आहे. पावसाळ्याच्या आधी आणि नंतर नमुना प्रयोगशाळेत.

आता विहिरीत राहणाऱ्याबद्दल. आमच्या विहिरीत एक कासव होतं. विहीर खोदली तेव्हा सासऱ्यांनी सोडलेलं. पूजेबिजेसाठी नाही - किडे, शेवाळ, मेलेलं काहीबाही खाऊन पाणी साफ ठेवतं, असं त्यांचं म्हणणं. आमच्या भागात बऱ्याच जुन्या विहिरींत कासव असायचं. आकाराने मोठ्या भाकरीएवढं, आणि कवचाच्या कडेला एक टवका उडालेला, कधीतरी बादली आदळली असेल. दिवसातून एकदा वर यायचं, डोकं काढून इकडेतिकडे बघायचं आणि काही काम न करता परत खाली जायचं. म्हणून माझ्या मुलीने, प्रज्ञाने, लहानपणीच त्याचं नाव ‘साहेब’ ठेवलं. “आज साहेब आले का?” “आले, सही करून गेले.” असं आमच्याकडे चालायचं.

प्रज्ञाचं सासर देवळ्याला. पहिलं बाळंतपण, म्हणून पावसाळा ओसरता ओसरता ती माहेरी आली. आमच्याच हॉस्पिटलच्या डॉक्टर मॅडमनी तपासलं आणि उठता उठता मला म्हणाल्या, “सुजाताताई, आपल्या भागात काविळीचे पेशंट वाढलेत. पाण्यातून होणारी. एरवी माणूस पथ्यपाणी करून बरा होतो. पण शेवटच्या महिन्यांत पोटुशी बाईला झाली तर आई आणि बाळ दोघांच्या जिवावर येते. पाणी सांभाळा.”

पाणी सांभाळा - हे मला सांगायची गरज नव्हती. पण त्या दिवसापासून मी ते फार मनावर घेतलं. घरात फिल्टर होताच, तरी प्रज्ञाचं पाणी वेगळं उकळून, गाळून, झाकणाच्या स्टीलच्या पिंपात. विहिरीवर पूर्वी नुसता पत्रा होता, तो काढून लोखंडी जाळी बसवून घेतली. तिचे चौकोन असे की माझी मूठ आत जात नाही. वर बारीक प्लास्टिकची जाळी, पाला पडू नये म्हणून. लोखंडी जाळीला कडी, कडीला कुलूप. किल्ली माझ्या कमरेला.

यावरून माझ्या जावेचं आणि माझं वाजलं.

जाऊ म्हणजे मिलिंदची बायको, छाया. माहेर घोटीकडचं. स्वभावाने चांगली, पण तिला मोटरचं पाणी प्यायला आवडत नाही. ती दोराने बादली सोडून हंडा भरणार आणि ते पाणी माठात ओतणार. शिवाय पावडरीचा वास नको, म्हणून मी पावडर टाकायच्या आधीच हंडा भरून ठेवणार. कुलूप बघितल्यावर कमरेवर हात ठेवून उभी राहिली.

“ताई, हे पानी काय तुमच्या स्टोअरातलं औषध हाय का? आता सही करून घ्यायचं व्हय?”

“सही नको. सकाळी मी उघडते, तू भर, मी लावते.”

“आन मधीच तहान लागली तर अर्ज करू?”

“माठ भरलेला असतो ना तुझा!”

ती पदर झटकून आत गेली. पण त्या दिवसापासून ती हंडा भरताना मुद्दाम दोर हळूहळू ओढायची आणि मी किल्ली हातात घेऊन ताटकळत उभी राहायची. मला कामावर जायची घाई आहे हे तिला चांगलं माहीत होतं.

तर अशात एका सकाळी मी कुलूप उघडायला गेले आणि बघते तो साहेब ओट्यावर बसलेले.

विहिरीच्या बाहेर. ओट्यावर. पाठ कोरडी, मान बाहेर, तोंड घराकडे.

आधी कुलूप पाहिलं. लागलेलं. ओढून पाहिलं, पक्कं. जाळी हलवून पाहिली, जागच्या जागी. मग कासवाच्या कवचावरचा टवका पाहिला. तोच. दुसरं कोणाचं कासव भटकत आलं, ही शक्यता तिथे संपली.

माझा संशय सरळ छायावर गेला. का जाऊ नये? कुलूप तिला नको होतं. कुठूनतरी दुसरी किल्ली करून घेतली असेल, मधेच पाणी काढलं असेल, बादलीत साहेब आले असतील, घाबरून ओट्यावर टाकून पळाली असेल. सगळं जुळत होतं. मी तिला हाक मारली.

ती आली, साहेबांना बघितलं आणि पदर तोंडावर धरून तीन पावलं मागे. “अगं बया! ह्ये वर कसं आलं?”

“तेच विचारते आहे.”

“मला इचारता?” तिच्या आवाजाची पट्टी चढली. “मी त्याला हात लावीन व्हय? घोटीला आमच्या चुलत्याचं बोट धरलं व्हतं कासवाने, अख्खा गाव गोळा झाला तरी सोडंना! तुमच्या किल्लीचं तुम्हीच बघा ना. कमरेला तुमच्याच हाय.”

मिलिंद दात घासत बाहेर आला. “वहिनी, वर आलं असेल पाण्याबरोबर. पाऊस किती झाला!”

“पाणी खाली आहे. बघ.”

“मग चढलं असेल.”

“कड्यांवरून? आणि जाळीतून?”

त्याने वरची प्लास्टिकची जाळी उचलून लोखंडी जाळीच्या चौकोनात बोटं घालून पाहिली, कासवाकडे पाहिलं, आणि चूळ भरायला निघून गेला.

आता मला काय वाटलं ते स्पष्ट लिहिते. मला भुताखेताचं काही वाटलं नाही. मला वाटलं, कोणीतरी माझं कुलूप उघडतंय. आणि जो कासव बाहेर काढू शकतो तो पाण्यात काहीही टाकू शकतो. आत माझी गरोदर मुलगी झोपलेली. त्यामुळे मी त्या दिवशी विहिरीचं पाणी सगळ्यांसाठी बंद केलं, जार मागवले आणि तपासणीची बाटली भरून ठेवली. ही छोटी बाटली बाजारात मिळते. तिच्यात पाणी भरून ठेवायचं. एक-दोन दिवसांत ते काळं पडलं तर समजायचं, पाण्यात मैल्याचे जंतू आहेत.

बाटली स्वच्छ राहिली. मी ती उजेडात धरून, उलटसुलट करून पाहिली. पाणी पारदर्शक. मग मी दोन्ही घरांत जाऊन सांगितलं, पाणी चांगलं आहे, प्यायला हरकत नाही. साहेबांना टोपलीत घालून मिलिंदने दोराने परत आत सोडलं. मी नवं कुलूप आणलं. त्याच्या दोन्ही किल्ल्या माझ्याकडे.

आणि आणखी एक गोष्ट केली. आमच्या स्टोअरमध्ये महत्त्वाच्या कपाटाला कुलूप लावल्यावर वर कागदाची पट्टी चिकटवून सही करतात. कोणी उघडलं तर पट्टी फाटते. विहिरीवर कागद टिकणार नाही, म्हणून मी प्रज्ञाची लाल नेलपॉलिश घेतली. छायाने सकाळी हंडा भरला, मी कुलूप लावलं, की किल्लीच्या भोकावर आणि कुलूप-कडी जिथे टेकतात तिथे नेलपॉलिशचा जाड ठिपका द्यायचा. रोज खरवडायचा, रोज नवा लावायचा. मी हे कोणाला सांगितलं नव्हतं. पण छायाच्या नजरेतून काय सुटतंय?

“ताई, विहिरीला नटवताय व्हय? कुंकू लावलं असतं तर अंधश्रद्धा झाली असती, नेलपॉलिश चालती म्हना!”

मी हसले नाही. मी तिच्या चेहऱ्याकडे बघत होते. घाबरली का? नाही घाबरली.

मग मी मिस्टरांवर संशय घेतला. ते बँकेतून निवृत्त झालेत, वेळ भरपूर, आणि चेष्टा करायची सवय. “तुम्ही गंमत करत असाल तर आत्ताच सांगा.” ते म्हणाले, “अगं, मला कासव उचलायला खाली वाकावं लागेल. माझी कंबर तुला माहीत नाही का?” हे खरं होतं. कुंपणापलीकडे नवी इमारत उठत होती, तिथल्या मजुरांवरही संशय घेतला. मिलिंदच्या फाटकावरच्या कॅमेऱ्याचं रेकॉर्डिंग बघितलं. त्यात विहीर दिसत नाही, पण आत येणारा प्रत्येक जण दिसतो. दूधवाला, पेपरवाला, मांजर. संपलं.

पुढचा प्रकार रविवारी दुपारी झाला. लख्ख उन्हात.

चांगलं ऊन पडलं म्हणून आम्ही अंगणात गहू वाळत घातले होते. मी आणि छाया विहिरीपासून चार हातांवर बसून खडे वेचत होतो. मी मुद्दाम विहिरीकडे तोंड करून बसले होते. छायाही समोरच होती, तिचे दोन्ही हात सुपात. ओटा कोरडा ठणठणीत. मिस्टरांनी चहा केला - रविवारचा चहा त्यांचाच - आणि व्हरांड्यातून हाक मारली. आम्ही दोघी उठलो. मिलिंद वर्तमानपत्र घेऊन तिथे आधीच बसलेला. प्रज्ञा आतून येऊन खुर्चीवर टेकली. म्हणजे बघा, घरातली सगळी माणसं व्हरांड्यात, एकमेकांच्या समोर, हातात कप. फाटक बंद. व्हरांड्यातून विहीर दिसत नाही, मधे पारिजातकाचं झाड येतं, एवढंच काय ते.

चहा पिऊन आम्ही परत गेलो.

साहेब ओट्यावर.

या वेळी ते ओले होते. पाठीवरून पाणी ओघळत होतं आणि त्यांच्या पोटाखाली तेवढा ओलावा धरला होता. बाकी सगळा ओटा कोरडा. कठड्यापासून तिथपर्यंत एक थेंब नाही. मी कुलपापाशी वाकले. नेलपॉलिशचा ठिपका सकाळी लावला तसा, अखंड. नख लावून पाहिलं तेव्हा त्याचा पापुद्रा निघाला. म्हणजे तोवर कोणी हात लावलेला नव्हता.

मी उठून छायाकडे पाहिलं. तिने माझ्याकडे पाहिलं. आता ती मला चोर म्हणू शकत नव्हती आणि मी तिला.

“ताई,” ती हळू म्हणाली, “पानी बंद. आत्ताच्या आत्ता.”

“बंदच करणार आहे. पण तू म्हणतेस म्हणून नाही. कोणीतरी-”

“कोनीतरी कोन, ताई? आपन दोघी हितंच व्हतो.”

तेवढ्यात मिलिंद आला. साहेबांना बघून तो मोठ्याने हसला, पण हसणं थोडं जास्तच लांबलं. “कासव आहे ते, हेलिकॉप्टर नाही! वहिनी, तुम्हीसुद्धा? बाबा काय म्हणायचे - डोळ्यांनी बघा, डोक्याने विचार करा. मागच्या वेळी पाणी चांगलंच निघालं ना? मी थांबवलं होतं का प्यायचं? मी तर तुमचा रिपोर्ट येईपर्यंतसुद्धा पीत होतो.” आणि छायाच्या माठातलं पाणी तांब्याभर घेऊन आमच्यासमोर उभा राहून घटाघटा प्यायला. “हे बघा. काय झालं?”

त्या क्षणी काहीच झालं नाही.

मी परत बाटली भरली. या वेळी दोन भरल्या, एक विहिरीतून आणि एक छायाच्या माठातून. दुसऱ्या दिवशी कामावरून आले तेव्हा दोन्ही काळ्या पडल्या होत्या. शाईसारख्या. मी त्या खिडकीतून काढून स्वयंपाकाच्या ओट्यावर ठेवल्या. नंतर नमुना रीतसर प्रयोगशाळेत दिला. तिथूनही तेच आलं - पिण्यास अयोग्य, मैल्याचे जंतू.

कारण सापडायला वेळ लागला नाही. कुंपणापलीकडच्या त्या नव्या इमारतीच्या मजुरांसाठी संडास बांधले होते आणि त्यांचा शोषखड्डा आमच्या भिंतीला अगदी खेटून खणलेला. खाली फुटका मुरूम. खड्ड्यातलं सगळं झिरपत थेट आमच्या विहिरीच्या झऱ्यात. मी दोन्ही काळ्या बाटल्या घेऊन त्यांच्या मुकादमाकडे गेले.

“मॅडम, आमचा खड्डा पक्का आहे,” तो म्हणाला.

“मग हे घ्या, तुमच्याच खड्ड्याचं पाणी. प्या.”

त्याने बाटली घेतली नाही. भांडण, अर्ज, फोन, सगळं करून तो खड्डा बुजवला आणि लांब नेला. संडास कधी सुरू केले असं विचारल्यावर त्याने जे दिवस सांगितले, ते साहेब पहिल्यांदा ओट्यावर दिसले त्याच सुमाराचे होते. आधी की नंतर, ते त्याला नक्की आठवेना. मी दोनदा विचारलं तरी नाही.

त्या संध्याकाळी प्रज्ञा माझ्या शेजारी येऊन बसली. छायाही दारात उभी होती, आत येत नव्हती.

“आई, रागावणार नसशील तर एक सांगू?”

“रागावणार आहे. सांग.”

“मी इथे आल्यापासून काकूकडचंच पाणी पीत होते.”

मी आधी पिंपाकडे पाहिलं, मग तिच्याकडे.

“तुझ्या त्या उकळलेल्या पाण्याला भांड्याचा वास येतो गं. घोट घेतला की मळमळायचं. काकूच्या माठातलं प्यायलं की बरं वाटायचं. तू कामावर गेलीस की मी तिकडे जायचे.”

छाया दारातूनच म्हणाली, “पोटुशी पोरगी पानी मागती, ताई. नाय कसं म्हनू?”

पिंप, गाळणं, झाकण, जाळी, कुलूप, नेलपॉलिश... आणि मुलगी अंगण ओलांडून कच्चं पाणी पीत होती. मग एकदम लक्षात आलं. “पीत ‘होते’ म्हणजे?”

“सोडलं ना मी. साहेब पहिल्यांदा वर दिसले त्या दिवसापासून.”

“का?”

“माहीत नाही.” ती खरंच आठवायचा प्रयत्न करत होती. “त्या दिवशी खिडकीतून बघितलं, ते घराकडे तोंड करून बसले होते. नंतर काकूकडे गेले, तांब्या तोंडाला लावला आणि... नकोच वाटलं. ओतून दिला. तेव्हापासून नाक दाबून तुझंच पाणी पिते.”

“पण माझी बाटली स्वच्छ आली होती.”

“हो.”

“मी सगळ्यांना सांगितलं होतं, पाणी चांगलं आहे म्हणून.”

“हो आई. तू सांगितलं होतंस.”

ती एवढंच म्हणाली. मी त्या रात्री तिच्या डोळ्यांतला पांढरा भाग बॅटरी लावून तपासला, दुसऱ्या दिवशी रक्त तपासायला दिलं, आणि पुढे कित्येक दिवस सकाळी उठल्या उठल्या आधी तिच्या डोळ्यांत बघायचे. पांढरे. रोज पांढरे.

पिवळे झाले ते मिलिंदचे. काही आठवड्यांनी. ताप, मळमळ, अन्न नको, आणि एका सकाळी आरशात डोळे हळदीसारखे. पाण्यातूनच होणारी कावीळ. आमच्याच हॉस्पिटलमध्ये पडून होता. वाईट हाल झाले त्याचे, पण बरा झाला. छायानेही तेच पाणी थोडंफार प्यायलं होतं, तिला काही झालं नाही. डॉक्टर मॅडम म्हणाल्या, असं होतं, एकाच माठातलं पिऊन एकाला होते, एकाला होत नाही. मग त्यांनी प्रज्ञाचं विचारलं. मी सगळं सांगितलं - कासव सोडून. त्या म्हणाल्या, “पाणी वेळेवर सोडलं तिने. नाहीतर मी आत्ता तुमच्याशी अशी बोलत नसते.”

प्रज्ञाला मुलगी झाली. दोघी ठणठणीत आहेत. नात आता बसायला लागली आहे.

साहेब आता आमच्याकडे नाहीत. त्या रविवारपासून छायाने त्यांना मोठ्या टबात ठेवलं होतं - हो, तीच छाया, लांबून काठीने पालक सरकवायची. मग चौकशी करताना कळलं की असं कासव घरी ठेवणं कायद्यात बसत नाही. मिस्टर जाऊन रीतसर वनखात्याच्या माणसांच्या ताब्यात देऊन आले. टबाची कड जेमतेम वीतभर होती. जितके दिवस ते तिथे होते तितके दिवस त्यांनी ती ओलांडली नाही. मी रोज बघत होते. ओलांडायचा प्रयत्नसुद्धा केला नाही.

माझा संशय गेलेला नाही. तो कोणावर ठेवायचा, एवढंच कळत नाही. मिलिंदला आजारपणात विचारलं, कारण तापात माणूस खरं बोलतो. छायाला भांडणात विचारलं, प्रेमात विचारलं. मिस्टरांना तर विचारून विचारून त्यांनी आता उत्तर देणं बंद केलं आहे. कोणीतरी ‘हो, मीच’ म्हणावं अशी माझी फार इच्छा आहे. मी रागावणार नाही. उलट पाया पडेन. वाचणाऱ्यांपैकी कोणाला सुचत असेल तर जरूर लिहा, पण ‘कासवं चढतात’ असं लिहू नका. का, ते सांगते.

खड्डा बुजवल्यावर आम्ही विहीर पूर्ण उपसली. पंप लावून पाणी काढलं, गाळ काढला, सिमेंटची कडी घासून धुतली. काम करणारे म्हणाले, कुठेही भगदाड नाही, कपार नाही. माझा विश्वास बसला नाही. साहेबांना बाहेर यायला वाट असलीच पाहिजे, ती यांना दिसली नसेल. खालची हवा श्वास घेण्याजोगी आहे का, हे बघायला आधी कंदील सोडून पाहिला, तो तळाशी नीट जळत राहिला. मग मी पदर खोचला आणि शिडीवरून स्वतः खाली उतरले. मिस्टर नको नको म्हणत होते.

खाली गार होतं. प्रत्येक कड्यावर हात फिरवला, सांधे नखाने खरवडले, बॅटरी लावून एकेक इंच बघितला. गुळगुळीत सिमेंट. झरे येतात तिथे माझी करंगळीही जात नव्हती. मग मी मधोमध उभी राहिले आणि वर पाहिलं. गोल आकाश आणि कडेला उघडून टाकलेली जाळी. खूप उंच वाटत होतं. दोन्ही हात भिंतीला टेकून मी एक पाय उचलून पाहिला. घसरला. दुसरा उचलला, तोही घसरला. चांगली धडधाकट बाई आहे मी.

“सापडलं का काही?” वरून छायाने विचारलं.

मला वर यायला शिडी लागली, आणि ती धरून ठेवायला दोन माणसं.